टोपीवाल्याच्या खेळातलं भांडणाचं गाणं

मूर्तिजापूर
२ जून १९४४

जमुनावहिनी,

नमस्कार करतो. तो घ्यायचा की नाही ते तुम्ही ठरवा.

परवा बार्शीटाकळीला तुमच्या माहेरच्या दारापर्यंत येऊन गेलो. तुम्हाला कोणी सांगितलं नसेल, म्हणून लिहितो. तुमचे वडील अंगणात बाज विणत बसले होते. मी राम राम केला तर नत्थुजींनी मानही वर केली नाही. म्हणाले, "जमुना घरीच हाय. पन तुह्यासाठी नाही. पानी पी, आन मोटारीच्या टायमाले फाट्यावर जा." पाणी त्यांनी स्वतःच आणून दिलं. ऊन भयंकर होतं, मला नको म्हणवलं नाही.

अमरावतीच्या कोर्टात पुंजारामदादाला फाशी सुनावली त्या दिवशी तुम्ही बाहेर लिंबाखाली बसला होतात. मी आतून आलो, तुमच्याकडे पाहिलं आणि मागच्या फाटकाने निघून गेलो. सख्ख्या भावाला फाशी झाली आणि हा भावजयीपाशी दोन मिनिटं थांबला नाही, असं तुम्हाला वाटलं असेल. त्याचा खुलासा करायला हे पत्र आहे.

साक्षीच्या दिवशी सरकारी वकिलाने मला तीन गोष्टी विचारल्या. तुमच्या फिरत्या सिनेमाच्या तंबूत ते भांडणाचं गाणं चालू असताना दादा उठला आणि शेजारच्या मळ्यातल्या चंद्रभानच्या डोक्यात त्याने तंबूची लोखंडी मेख घातली, हे पाहिलं का? पाहिलं. ते गाणं तुम्ही रोज असंच म्हणता का? मी म्हटलं, दर खेळाला असंच, पिक्चरमध्ये आहे तेच मी मराठीत सांगतो. पुंजारामने हा खेळ आधी पाहिला होता का? मी म्हटलं, तीनदा. एवढंच झालं.

वहिनी, मी दुसरं काही बोललो असतो तर तुमचं नाव कोर्टात निघालं असतं. कारकुनाने ते लिहून घेतलं असतं आणि आपल्या शिरजगावच्या पारावर त्याची चर्चा झाली असती. तुमची अब्रू राखायला मी जीभ आवरली, एवढं तुम्ही समजून घ्यावं. दादाही त्यासाठीच गप्प राहिला.

तुमचा दीर
सहदेव


दर्यापूर
२३ जुलै १९४४

जमुनावहिनी,

पहिल्या पत्राचं उत्तर आलं नाही. येणार नाही हे मला माहीत होतं, तरी रोज पोस्टात जाऊन विचारत होतो.

तुम्ही आमचा खेळ कधी पाहिला नाहीत. दादा तुम्हाला म्हणायचा, चाल एकदा, सहदेव कसा बोलते ते पाय. तुम्ही म्हणायचात, घरी काय कमी बोलतात. म्हणून तो खेळ काय होता ते सांगतो, म्हणजे पुढचं नीट कळेल.

लढाईमुळे नवीन पिक्चर मिळेनात, म्हणून आमचे मालक शालिकरामजी यांनी मुंबईहून एक परदेशी खेळ स्वस्तात आणला. मेक्सिको नावाच्या मुलखातला. भाषा इंग्रजीही नव्हे, मुंबईच्या माणसालाही ती येत नव्हती. पण पडद्यावर सगळं आपल्या ओळखीचं. ज्वारीसारखी उभी पिकं, घोडे, कोंबड्यांची झुंज, दारू पिऊन बडबडणारा गडी, मोठ्या मिशांचा, आपल्या पाटलासारखा जमीनदार आणि त्याच्या पोरीच्या खिडकीखाली गाणारा एक देखणा माणूस. टोप्या मात्र सुपाएवढ्या. लोकांनी त्याला टोपीवाल्याचा खेळ असं नावच पाडलं. शेवटी सगळ्यांची लग्नं होतात आणि कोणी मरत नाही.

माझं काम पडद्याच्या बाजूला पत्र्याचा भोंगा घेऊन उभं राहायचं. मशिनीचा आवाज बारीक करायचा आणि प्रत्येकाच्या तोंडचं मी बोलायचं. पाटलाचं मी, पोरीचंही मीच, घोडा खिंकाळला तरी मीच. मध्यावर गुत्त्यात एक गाणं आहे. पाटील आणि देखणा समोरासमोर उभे राहून एकमेकांची उणीदुणी गाण्यात काढतात. एक कडवं याचं, एक कडवं त्याचं. बाकीचे टेबलं बडवून हसतात. ते खरं काय गातात हे देवालाच ठाऊक. मी त्यात आमच्या इकडची भर घालत असे.

आता हे लिहितो ते पहिल्या पत्रात लिहिलं नव्हतं. ते गाणं मी दर खेळाला असंच म्हणत नव्हतो. एक ओळही रोजची नव्हती. ज्या गावी तंबू ठोकला तिथे सकाळी न्हाव्याकडे जाऊन बसायचं, बाजारात भाजीवाल्या बायांशी गप्पा मारायच्या आणि गावातल्या दोन-चार भानगडी काढायच्या. संध्याकाळी त्या नाव न घेता गाण्यात घालायच्या. ज्याची गोष्ट त्याला कळते, शेजाऱ्याला कळते आणि लोक तंबू डोक्यावर घेतात. लोक तोच खेळ चार-चार वेळा पाहायला येत ते टोपीवाल्यासाठी नव्हे, आज कोणाची पाळी आहे ते ऐकायला येत. शालिकरामजी माझ्या पाठीवर थाप मारत आणि मी फुगून जात असे.

बहिरमच्या यात्रेत आमचा मुक्काम लांबला. न्हाव्याकडच्या गोष्टी संपल्या. त्या दिवशी माझ्यापाशी काही नवीन नव्हतं. दिवेलागणीच्या खेळाला पाहिलं तर पुढे चटईवर दादा बसलेला, चार ओळी मागे चंद्रभान. शिरजगावची निम्मी माणसं होती. आपल्या गावच्या लोकांपुढे आपण पडू नये, एवढंच तेव्हा माझ्या मनात होतं.

भाऊबीजेला तुम्ही मला एक गोष्ट सांगितली होती. दादा आठ दिवस तापाने फणफणला होता, विहिरीची पाळी आपली होती आणि मोट हाकायला कोणी नव्हतं. शेवंती कळीवर होती. विहीर सामायिक, पण चंद्रभानशी दादाची दोन वर्षं बोलचाल नव्हती. तरी दोन दिवस पहाटे चंद्रभानने स्वतःचे बैल जुंपून आपला मळा भिजवून दिला. तुम्ही मला म्हणालात, "त्याईले सांगू नोका भाऊजी. कळलं तं शेवंती उपटून फेकतीन." मी हो म्हटलं आणि तुमच्या हातची करंजी खाल्ली.

तीच मी गाण्यात घातली.

तू तापानं फणफणला पाटला, घोंगडी घेऊन निजला,
शेजाऱ्याच्या मोटंनं पहाटे तुहा मळा भिजला.

एवढ्यावर थांबलो असतो तरी दादाला वाटलं असतं, कोणाचीतरी गंमत चालली आहे. पण लोक हसले आणि मला चेव आला. बाईचा आवाज काढून मी म्हटलं, "सांगू नोका जी आमच्या धन्याले." तंबू कोसळायचा बाकी राहिला.

चंद्रभानही हसत होता. त्याच्या मनात पाप नव्हतं. तो पुढे वाकून दादाला म्हणाला, "आयकलं का, पुंजाराम?" दोन वर्षांनी तो दादाशी पहिल्यांदा बोलला. मला तर वाटतं, या निमित्ताने बोलणं सुरू होईल असं त्याला वाटलं असेल. दादाने वळून आधी त्याच्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे. मी भोंगा तोंडाला लावून उभा होतो. मग त्याने बाजूची मेख उपटली.

पुढचं तुम्हाला माहीत आहे.

सहदेव


अमरावती
२६ ऑगस्ट १९४४

वहिनी,

काल दादाच्या भगवंतराव वकिलांनी बोलावून घेतलं. नागपूरच्या मोठ्या कोर्टाने फाशी कायम केली, ही बातमी तुम्हाला पोचली असेलच. आता फक्त लाटसाहेबांकडे दयेचा अर्ज राहिला आहे.

वकील मला बसा म्हणाले नाहीत. त्यांचं बोलणं जसंच्या तसं लिहितो.

"जमुनाबाईनं मले मे महिन्यातच सारं सांगतलं होतं," ते म्हणाले. "मोटेचं, तापाचं, तुमाले सांगतलं ते. पन बायकोचं बोलनं कोन धरते? नवऱ्याले वाचवाले बायको काईबी म्हनीन. म्हून मी तुमच्या साक्षीची वाट पायली. आन तुमी काय सांगतलं? दर खेळाले असंच म्हनतो. तीनदा पायलं त्यानं. जजसाहेबानं काय समजावं मंग? हे गानं आरोपीच्या पाठ होतं, रागाचं नवीन कारन काईच नव्हतं, तो वैर धरून माराले आलता."

मी म्हटलं, पुंजारामदादाही गप्प राहिला ना.

"तो बायकोचं नाव निघू नये म्हून गप रायला. तुमी काहून गप रायले?"

मी तुमचंच कारण सांगायला तोंड उघडलं. ते म्हणाले, "बाई सोता नाव सांगाले तयार होती, सहदेवराव. साक्षीच्या दिवशी ती दिवसभर लिंबाखाली त्याच्यासाठीच बसून होती."

वहिनी, हे मला माहीत नव्हतं, असं लिहायचं मनात होतं. पण मला माहीत होतं. साक्षीला जाताना तुम्ही मला फाटकाशी अडवून म्हणालात, "जे हाय ते सांगा, माही फिकर करू नोका." मी ऐकून न ऐकल्यासारखं केलं. तुमच्या अब्रूची गोष्ट मी नंतर घरी येऊन जुळवली. खरं कारण निराळं आहे. पिक्चरमध्ये नसलेलं आम्ही पदरचं घालतो हे कळलं तर परवाना जाईल, असं शालिकरामजी म्हणाले होते. गाणं दर खेळाला तेच असतं, असं त्यांनीही साक्षीत सांगितलं. आणि बाहेर चंद्रभानचे दोघे भाऊ उभे होते. माझ्या तोंडामुळे त्यांचा भाऊ गेला हे मी भर कोर्टात कबूल केलं असतं तर त्यांनी मला घरी जाऊ दिलं नसतं. मी भ्यालो. याला दुसरा शब्द नाही.

आता वकील म्हणतात, मी शपथेवर लिहून द्यायचं की ते शब्द त्याच दिवशी, त्याच घटकेला मी मनाने घातले, घरातली गोष्ट फोडली आणि दादाने ती तिथेच पहिल्यांदा ऐकली. तेवढा कागद अर्जासोबत गेला तर फाशीची जन्मठेप होण्याची आशा आहे. मला खोट्या साक्षीबद्दल तुरुंग होईल. किती, विचारलं तर म्हणाले, सात वर्षंही होतील.

मी हो म्हटलं आहे. उद्याच येऊन लिहून देतो म्हटलं आहे.

सहदेव


मूर्तिजापूर
१९ ऑक्टोबर १९४४

जमुनावहिनी,

उशीर झाला. मधल्या काळात पावसाने बडनेऱ्याच्या लाइनीवर माती घसरली, गाडी चार दिवस बंद होती. मग मला ताप आला. कागद मी लिहून ठेवला आहे, कोटाच्या आतल्या खिशात आहे. फक्त अमरावतीला जाऊन वकिलांसमोर सही करायची आहे. अर्ज त्यांनी पाठवून दिला आहे, कागद मागाहून जोडता येईल असं ते म्हणतात, पण लवकर.

दादाला भेटून आलो. नागपूरला तुरुंगात, जाळीच्या पलीकडून. तुम्हाला त्याचं सांगायला हवं, तुम्ही त्यानंतर गेला असाल तरी.

तो वाळला आहे. दाढी वाढली आहे. मला वाटलं होतं, तोंड फिरवेल. तो म्हणाला, "जेवला का?" मी म्हटलं, जेवलो.

"तू कोर्टात घाबरला," तो म्हणाला. "मले समजते ते. तू लहानपनापासून तसाच हायेस. मी आंबे पाडाचो आन तू बोलून सुटाचा."

मी रडलो. तो रडला नाही.

"वकीलसाब म्हनते, आता तुह्या हाती हाय. देशीन का कागद?"

मी म्हटलं, दिला समज, दादा.

"समज नोको. दे," तो म्हणाला. मग सांगायला लागला, "जमुनाचं काई चुकलं नाही रे. मले लोकाईच्या हसन्याचा राग नाई आला. तुह्या तोंडून आयकलं, त्याचा आला. तिनं तुले सांगतलं, मले नाई. आन चंद्रभाननं माह्या शेवंतीले पानी देल्लं होतं, हे मले त्याले मारल्यावर समजलं. तुह्या गान्यात मले तं दुसरंच आयकू आलं."

मैनाबाईला, म्हणजे चंद्रभानच्या बायकोला, विहिरीची आपली चार दिवसांची पाळी देऊन टाका, असं तुम्हाला सांगायला त्याने सांगितलं आहे. दिली असेल तर बरंच.

मी येत्या सोमवारी अमरावतीला जातो.

सहदेव


मूर्तिजापूर
२ डिसेंबर १९४४

वहिनी,

तुमचं पत्र आलं. सहा महिन्यांत पहिलं आणि बहुधा शेवटचं. ते मी इतक्यांदा वाचलं की घड्या फाटायला आल्या. पुसून जाऊ नये म्हणून इथे उतरवून ठेवतो. हे पत्र तुम्ही न वाचता परत पाठवलंत तरी माझ्यापाशी ते राहील.

तुम्ही लिहिलंत:

"तुमचा कागद वकीलसाहेबाकडे गुरुवारी पोचला असं त्यांनी कळवलं. त्याआधीच मंगळवारी सकाळी सगळं झालं होतं. रविवारी मला भेट दिली होती. हे म्हणाले, सहदेवनं कागद देला का? मी म्हटलं, देला. ते म्हणाले, काय लिवलं? मी म्हटलं, जे झालं ते सारं. मग ते हसले. म्हणाले, मंग त्याले तुरुंग होईन, त्याच्या पोटाचं कोन पाहीन, तू पाहशीन का? मी हो म्हटलं. तुमच्याविषयी ते एवढंच बोलले. मला परत लिहू नका. मैनाबाईला पाळी दिली आहे."

तुम्ही नको म्हटल्यावरही लिहितो आहे. ही एकच गोष्ट राहिली आहे आणि ती तुमच्याशिवाय कोणाला सांगावी कळत नाही.

ताप मला एकच दिवस होता. मागच्या पत्रात लिहिल्यापेक्षा लाइनही लवकर सुरू झाली होती. कागद लिहिलेला होता, हे खरं. मी तीनदा अमरावतीच्या गाडीत बसलो आणि तिन्ही वेळा बडनेऱ्याला उतरून परत फिरलो. सात वर्षं, सात वर्षं, एवढंच डोक्यात चालायचं. लाटसाहेब दयाळू आहेत, माझ्या कागदाशिवायही शिक्षा कमी करतील, अशी मी मनाची समजूत घातली. अर्ज फेटाळल्याचं आणि फाशीला मंगळवार ठरल्याचं वकिलांनी मला तारेने कळवलं होतं. ती तार मला शनिवारी दुपारी मिळाली. शनिवारी निघालो असतो तर रविवारी त्यांच्या दारात असतो. त्यांनी नागपूरला धावपळ केली असती. उपयोग झाला असता की नाही, कोण सांगणार. पण वेळ होता.

त्या शनिवारपासून कारंज्याला तंबू लागला होता. शालिकरामजी म्हणाले, एवढा मुक्काम काढ, मग जा. मी कागद बुधवारी पोस्टात टाकला, तोही स्वतः नेऊन दिला नाही. काल मी भगवंतरावांकडे गेलो आणि मला पोलिसांच्या ताब्यात द्या म्हटलं. ते म्हणाले, आता मला तुमच्याशी बोलायचं नाही, ठाणं रस्त्यावरच आहे. हे पत्र टाकून मी तिकडेच जाणार आहे, पण माझ्या जाण्याच्या गोष्टींवर तुम्ही विश्वास ठेवावा असं मी म्हणणार नाही.

दादा विचारत होता, कागद दिला का, आणि तुम्ही दिला म्हणत होतात, तेव्हा रविवार होता. रविवारी कारंज्याला बाजार असतो. आम्ही तीन खेळ केले. मंगळवारीही केले. भांडणाचं गाणं मी दर खेळाला म्हटलं, कारंज्याच्या एका सावकाराच्या दोन बायकांवर. लोक फार हसले.

सहदेव